दहा सेकंदांची हर्षा

रोशन वैरागडे लग्नाच्या शूटिंगला निघायचा त्या प्रत्येक सकाळी त्याच्या घरात एक छोटा विधी व्हायचा. बायको हर्षा दारातल्या खुर्चीवर बसायची, छातीशी कोरा पांढरा कागद धरायची, आणि रोशन तिच्यावर दहा सेकंद कॅमेरा धरायचा. पांढरा म्हणजे नेमका कोणता, हे कॅमेऱ्याला आधी दाखवावं लागतं. ते एकदा त्याच्या डोक्यात बसलं की मग हळद हळदीसारखी दिसते आणि शालू शालूसारखा. नुसत्या भिंतीवरही भागलं असतं. पण कातडीचा रंगही जमायला हवा, असं रोशन सगळ्यांना सांगायचा. खरं कारण एवढंच, की लग्नाच्या पहिल्या वर्षी त्याला सकाळी निघताना तिचं तोंड बघून जायचं असायचं, आणि सांगायला लाज वाटायची.

"झालं?" ती विचारायची.

"झालं. कडी लावून घे," तो म्हणायचा आणि बॅग उचलायचा. चौदा वर्षं हेच चाललं होतं.

आता रोशनच्या बेलखेडीबद्दल सांगायला हवं, नाहीतर पुढचं तुम्हाला खोटं वाटेल. हे गाव कोळशाच्या उघड्या खाणीच्या अगदी कडेला. रोज दुपारी दोनला खाणीत सुरुंग लागायचे आणि गावातली भांडी मांडणीवरून खाली यायची. तान्ही लेकरं दचकून श्वास धरायची, म्हातारी माणसं छाती धरून बसायची. मोर्चे झाले, निवेदनं झाली, एकदा खाणीच्या फाटकावर चपलाही पडल्या. शेवटी पाच वर्षांपूर्वी नगर परिषदेने आणि खाणीने मिळून तोडगा काढला. सुरुंग बंद करणं कुणाला परवडणारं नव्हतं, म्हणून माणसांचं दचकणं बंद करायचं ठरलं.

त्यामागचं शास्त्र तसं साधं आहे. पायात चप्पल घातली की पहिली दोन मिनिटं तिचा पट्टा जाणवतो, मग जाणवत नाही. पट्टा कुठे गेलेला नसतो. जे पुन्हा पुन्हा येतं आणि लगेच जीव घेत नाही, त्याची बातमी वर पाठवायची नाही, असा मेंदूचा कारभार आहे. तो चांगलाच आहे म्हणायचा, नाहीतर पंख्याचा आवाज ऐकतच आपण वेडे झालो असतो. पण सवय लागायला वेळ जातो, आणि मोठ्या धक्क्यांची तर लागतच नाही. मेंदूत हा निवाडा जिथे होतो ती जागा शास्त्रज्ञांना सापडली. एका ठरावीक ठेक्यात धडधडणारं हलकं चुंबकी क्षेत्र त्या जागेवर सोडलं, तर तीन महिन्यांची सवय एका दुपारीत लागते, हेही सापडलं. एकच गोष्ट साधली नव्हती. सुरुंग तेवढे गाळा आणि बाकीचं राहू द्या, असं त्या ठेक्याला सांगता येत नव्हतं.

तो ठेका सोडणारे एकतीस खांब गावात उभे राहिले. दुसऱ्या दिवशी दोनला सुरुंग झाला आणि कुणाच्या कानावरची माशीही हलली नाही. लोकांनी पेढे वाटले, बायकांनी खांबांना हळदीकुंकू लावलं. सहा महिन्यांनी बाजाराचा रस्ता खचला आणि उभी बस तोंडावर त्यात गेली. ती अजून तशीच आहे, शेपूट वर करून. उन्हाचं लोक तिच्या सावलीत थांबतात. एका कचेरीतले एक कारकून चार दिवस खुर्चीत मरून बसले होते. माणसं येत होती, अर्ज ठेवत होती, नमस्कार करून जात होती. पाचव्या दिवशी कुणीतरी, साहेब उत्तर देत नाहीत, अशी लेखी तक्रार केली आणि ती त्यांच्याच टेबलावर नेऊन ठेवली.

रोशनला यातलं काही विचित्र वाटत नव्हतं. कुणालाच वाटत नव्हतं, तर त्याला का वाटावं?

खांबांना पाच वर्षं झाली त्याचा मोठा कार्यक्रम ठरला. नगराध्यक्ष ठेंगणे यांनी रोशनला बोलावून सांगितलं, "गावाची शांतता दाखवणारी एक मस्त फिल्म बनव बाप्पा. मैदानात मोठ्या पडद्यावर लावू." रोशन खुशीत कामाला बसला आणि त्याच आठवड्यात त्याची हार्ड डिस्क बसली. पाच वर्षांचं सगळं शूटिंग त्यात. कार्यक्रमाला चार दिवस उरले होते. डिस्क पिशवीत घालून तो नागपूरला गेला. तिथे त्याची थोरली बहीण रंजनाताई राहायची, आणि तिच्या गल्लीच्या तोंडाशी अन्सारीभाईंचं मेलेल्या डिस्कांमधून माल काढून देणारं दुकान होतं.

"तीन दिवस लागतील," अन्सारीभाई म्हणाले.

खांबांच्या टापूबाहेर दोन दिवस काढले की मेंदू पुन्हा ताळ्यावर येतो. रोशनला हे माहीत नव्हतं, कारण पाच वर्षांत तो सलग दोन दिवस गावाबाहेर राहिलाच नव्हता. तिसऱ्या दिवशी सकाळी ताईच्या स्वयंपाकघरात कुकरची शिट्टी झाली आणि रोशन चहाच्या कपासकट उडाला.

"काहून रे? कुकर नाही का तुमच्या घरी?" ताई हसून म्हणाली.

रोशनच्या छातीत धडधडत होतं. असं धडधडतं हेच तो विसरला होता.

दुकानात अन्सारीभाईंचा चेहरा उतरलेला होता. "माल निघाला भाऊ. फाइलींची नावं गेली, तारखा तेवढ्या राहिल्या. लांबीप्रमाणे वेगळं करून ठेवलंय. पण एक विचारू का? हे लग्नाचं शूटिंग आहे की सिनेमाचं?"

पडद्यावर पंगत बसली होती. रोशनला ते लग्न आठवत होतं, चाफल्यांच्या मुलीचं. नवरदेवाचे काका जेवता जेवता पानावर कलंडले. वाढपी आला आणि त्याने त्यांच्या डोक्याच्या बाजूला भात वाढला, वर वरण घातलं. मागून दुसरा जिलबी घेऊन आला. "घ्या ना काका, लाजू नका," म्हणाला. शेजारचा माणूस त्यांच्या पाठीवरून हात लांब करून मीठ घेत होता. कॅमेरा सावकाश पुढे गेला, काकांच्या उघड्या डोळ्यांवरून सरकला आणि जिलबीवर जाऊन थांबला.

"हे मी काढलं," रोशन म्हणाला.

तो दिवसभर बघत बसला. मांडवाचा एक कोपरा पेटलेला आणि भटजी मंगलाष्टकं म्हणतायत. खचलेल्या रस्त्यावर वरात दोरी धरून उतरते आहे आणि बँडवाला खड्ड्यात पडूनही वाजवतो आहे. प्रत्येक चौकट कशी नीट, सरळ, प्रकाश उत्तम. रोशनला हसू यायचं आणि पाठोपाठ तो पडद्यावरून तोंड फिरवायचा. ताईच्या घरी बसून त्याने त्यातून अकरा मिनिटांची फिल्म जोडली. शांतता हवी होती ना ठेंगण्यांना? दाखवतोच, असं तो स्वतःशी म्हणाला. ही फिल्म बघून गाव जागं होईल आणि संध्याकाळपर्यंत एकतीसही खांब उपटून काढील, याबद्दल त्याच्या मनात शंका नव्हती.

दहा सेकंदांच्या फाइलींचा गठ्ठा त्याने चौथ्या दिवशी दुपारी उघडला. त्यात काय असणार, हे त्याला ठाऊक होतं. हर्षा, खुर्ची, कागद. दोनशे चौदा वेळा. पाच वर्षांतल्या दोनशे चौदा सकाळी तारखेप्रमाणे ओळीने लागल्या होत्या. त्याने पहिली लावली आणि मग त्या एकामागून एक आपोआप पुढे जात राहिल्या.

पहिल्या वर्षी हर्षाचे गाल भरलेले होते, "झालं?" विचारताना भुवया वर जात होत्या. शंभराच्या आसपास तिच्या गळ्याच्या डाव्या बाजूला सुपारीएवढं काहीतरी दिसलं. एकशे तीसला ते लिंबाएवढं होतं. एकशे साठला मंगळसूत्र त्याच्यावरून घसरून एका बाजूला पडू लागलं. गाल बसले, ब्लाउजच्या बाह्या सैल झाल्या, हातातला कागद थरथरू लागला. आवाज आधी घोगरा झाला, मग फाटला. शेवटच्या तीसेक सकाळी तिचे ओठ नुसतेच हलत होते आणि त्यांच्यामागून शिट्टीसारखा श्वास ऐकू येत होता. कॅमेऱ्याच्या मागून मात्र दर वेळी रोशनचाच खणखणीत आवाज येत होता, "झालं. कडी लावून घे."

तो रडला. ताईसमोर, तोंडात रुमाल कोंबून, लहान पोरासारखा रडला. ज्या बाईचं तोंड बघितल्याशिवाय घराबाहेर पडवत नव्हतं, तिचं तोंड त्याने अडीच वर्षं बघितलंच नव्हतं.

मग त्याने फोन लावला. "हर्षा, तुला गळ्याला काय झालंय?"

पलीकडून घरघर आली. "काहून फोन केला? मले काय होते. कामं पडली आहेत सगळी."

"दुखत नाही का? श्वास अडकत नाही?"

"असते तेवढं," ती म्हणाली. शब्द ओळखायला त्याला फोन कानात खुपसावा लागला. "तुम्ही जेवले का?"

ताई त्याला तशीच डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरबाईंनी शेवटच्या चार फाइली पाहिल्या, आवाज मोठा करून तो श्वास ऐकला. "गाठ कसली आहे ते नंतर बघू," त्या म्हणाल्या. "ती श्वासनलिका दाबते आहे. गळ्याला छोटं भोक पाडून नळी घालावी लागेल. अर्ध्या तासाचं काम आहे, जीव वाचतो. पण उद्या आणा. उद्या म्हणजे उद्याच. आठवडाही नाही काढायच्या त्या."

ताई सोबत यायला निघाली होती. रोशननेच तिला थांबवलं. "तू इथे दवाखान्यात पलंग धरून ठेव, कागदपत्रं कर. मी सकाळी दहाला पोचतो, एकच्या बसने तिला घेऊन निघतो." नव्या माणसाला खांब लागायला तीन तास लागतात, एवढं त्याने चौकशी करून घेतलं होतं. तीन तासांत काय होतंय? तरी खात्री म्हणून त्याने डाव्या तळहातावर पेनाने लिहिलं, हर्षाला नागपूरला ने, एकची बस. आणि फिल्मच्या शेवटी हर्षाच्या दोनशे चौदा सकाळींमधला एकेक क्षण जोडून टाकला. काकांसाठी गाव रडणार नाही कदाचित, पण हर्षावहिनीसाठी रडेल.

दोन गोष्टी त्याने कुणाला विचारल्या नाहीत. एकदा लागून सुटलेली सवय पुन्हा लागायला पहिल्याइतका वेळ लागत नाही. आणि सवय लागते ती पुन्हा पुन्हा बघण्याने. विसरू नये म्हणून रोशन बसमध्ये दर पाच मिनिटांनी तळहात बघत होता. बेलखेडीच्या शिवेवरचा पहिला खांब मागे पडला तेव्हा त्याने तो बघितला, दुसरा दिसला तेव्हा बघितला, स्टँडवर उतरताना बघितला. डोळ्यांत तेल घालून राखत होता बिचारा.

घरी पोचला तेव्हा तो अजून बऱ्यापैकी शुद्धीवर होता. हर्षा अंगणात वाळवण घालत होती. गळ्याची गाठ पडद्यावर दिसली त्याहून मोठी होती. चार पावलं टाकली की ती थांबत होती आणि मान वर करून हवा ओढत होती. रोशनने तिचे दोन्ही हात धरले.

"चल. दोन साड्या घे. आपण नागपूरला चाललो."

"आज?" तिचे ओठ हलले. "आज तर कार्यक्रम आहे. अकरा वाजता तुमची फिल्म आहे. साऱ्या गावाला सांगून रायली मी."

रोशनने घड्याळ पाहिलं. बस एकला, फिल्म अकरा मिनिटांची, मैदान स्टँडच्या शेजारी. पिशवी भरून तिला सोबतच न्यायचं, फिल्म लावायची आणि तिथूनच बसमध्ये बसायचं. शिवाय आपण गेल्यावर गावाचं काय? त्याला ते बरोबर वाटलं. आजही विचार केला तर मलाही त्यात चूक सापडत नाही, म्हणूनच वाईट वाटतं.

मैदान गच्च भरलं होतं. मंचाच्या दोन्ही बाजूंना दोन खांब, फुलांच्या माळा घातलेले. ठेंगण्यांचं भाषण बारापर्यंत चाललं. मग फिल्म सुरू झाली. काका पानावर कलंडले तेव्हा मैदान गप्प होतं आणि रोशनच्या अंगावर काटा आला. आता, त्याला वाटलं. आता उठतील. वाढपी म्हणाला, "घ्या ना काका, लाजू नका," आणि पुढच्या रांगेतून कुणीतरी खुदकन हसलं. मग मागून हसू आलं, मग साऱ्या मैदानातून. खड्ड्यातल्या बँडवाल्याला शिट्ट्या पडल्या. तो बँडवाला स्वतः उठून उभा राहिला आणि त्याने वाकून नमस्कार केला.

शेवटी हर्षा आली. भरलेले गाल, सुपारी, लिंबू, घसरलेलं मंगळसूत्र, हलणारे ओठ. वीस सेकंदांत पाच वर्षं. टाळ्या थांबेनात. शेजारच्या बायका हर्षाच्या पाठीवर थापा मारत होत्या, "वहिनी, कशी भारी दिसली वं." हर्षा पडद्याकडे बघून हसत होती. हसताना तिला श्वास पुरेना, तरी हसत होती.

रोशन मंचावर धावला. माइक हिसकावून म्हणाला, "अरे, हसता काय? बघा ना नीट. ती मरायला टेकली आहे."

"बरोबर," ठेंगणे म्हणाले. "नीट पाहू पुन्हा. लावा रे परत."

रोशनलाही वाटलं, दुसऱ्यांदा तरी दिसेल त्यांना. दुसऱ्यांदा लोक आणखी हसले, कारण आता पुढे काय येणार ते त्यांना माहीत होतं. दुसऱ्यांदा काका पडले तेव्हा रोशनने तोंड फिरवलं नाही. तिसऱ्यांदा लागली तेव्हा त्याच्या लक्षात आलं, की जिलबीवरचा कॅमेरा किंचित हलला आहे. एवढं सोडलं तर काम फर्स्ट क्लास होतं. चौथ्यांदा त्याने मागे उभं राहून, हाताची घडी घालून, कारागिराच्या नजरेने फिल्म बघितली. मैदानापलीकडून एकची बस हॉर्न देत निघून गेली. हर्षाच्या मांडीवर साड्यांची पिशवी होती.

सत्काराची शाल खांद्यावर घेऊन तो तिच्यासोबत घरी आला. जेवायला बसण्याआधी त्याने हात धुतले. तळहातावर निळं काहीतरी होतं. दिवसभर बघितलेलंच होतं ते. साबणाने गेलं.

तिसऱ्या दिवशी रंजनाताई गाडी करून आली. अंगणात पाय ठेवला आणि हर्षाला बघून तिने किंकाळी फोडली. "रोशन, तू माणूस आहे का कोण आहे? फोन उचलत नाहीस. चल हर्षा, बस गाडीत, जशी आहे तशी."

"ताई, तू आली तर आली, दोन घास तरी खाऊन जा," रोशन मनापासून म्हणाला. घरी आलेलं माणूस, त्यातून थोरली बहीण, उपाशी पाठवायची का? हर्षाने आधीच भिंतीचा आधार घेत चूल गाठली होती. तिने वांगी चिरली, झुणका टाकला, भाकरी थापल्या. भाकरी उलटताना तिला दोनदा खाली बसावं लागलं. "आटप गं," ताई ओरडत होती, "नको करू काही." मग नुसतीच म्हणाली, "पुरे कर." जेवण होईपर्यंत अडीच तास गेले होते. ताईने झुणक्याची तारीफ केली, कैरीच्या लोणच्याला मोहरी किती घातली ते विचारलं, एक बरणी बांधून घेतली आणि ऊन उतरल्यावर गाडीत बसली. हर्षाने दारातून हात हलवला.

पुढच्या सोमवारी सकाळी जवळच्या गावात लग्न होतं. रोशनने बॅग भरली, बॅटऱ्या पाहिल्या. हर्षा दारातल्या खुर्चीत बसलेलीच होती. आदल्या दुपारपासून ती तिथेच होती. रात्रीचं वाढलेलं ताट शेजारच्या स्टुलावर तसंच होतं आणि भातावर मुंग्या आल्या होत्या. रोशनने कागद तिच्या हातात दिला, तो खाली पडला. पुन्हा दिला. मग त्याने तिची बोटं एकेक करून उघडली आणि मध्ये कागद सरकवला. बोटं गार आणि ताठ होती. कागद एकदाचा घट्ट बसला. एरवी थरथरायचा तो आज जरासुद्धा हलत नव्हता.

त्याने दहा सेकंद कॅमेरा धरला. पांढरा इतका स्वच्छ कित्येक दिवसांत मिळाला नव्हता. रंजनाताईचा फोन पहाटेपासून त्याच्या खिशात वाजत होता आणि अजूनही वाजतच होता.

कॅमेरा खाली घेऊन तो जरासा थांबला. कुणीतरी काहीतरी विचारायचं राहिलंय असं त्याला वाटलं. काय ते आठवेना.

"झालं," तो म्हणाला. "कडी लावून घे."

त्याने बॅग खांद्यावर टाकली आणि तिच्या पायांवरून जपून पाय टाकत तो बाहेर पडला. दार दिवसभर उघडंच राहिलं.